उन्हाळ कांदा : लिलावातला भाव आणि हातात पडलेले पैसे

नाशिक जिल्ह्यातल्या लासलगावच्या कांदा लिलावात निघालेला भाव दुपारपर्यंत सगळ्या निफाड तालुक्याला कळतो. घरी आलेले पैसे भागिले वावरातून निघालेला माल, हा भाव मात्र प्रत्येकाचा वेगळा. या दोन भावांत अंतर कुठे पडतं, ते त्या त्या कामात रोज असणाऱ्यांनी इथे लिहावं. कहाण्या नकोत. मापं, दिवस, होणाऱ्या चुका आणि त्यांची कारणं लिहा. आलेलं लिखाण कामाच्या क्रमाने खाली आहे.

रोप आणि लागवड

उन्हाळ म्हणजे रब्बीचा कांदा टिकणार की नाही, हे निम्मं वावरातच ठरतं. एकराला 3 ते 4 किलो बी आणि 4 ते 5 गुंठे रोपवाटिका धरा. गादीवाफा 1 मीटर रुंद, 15 सेंमी उंच. सपाट वाफ्यात पाणी साचतं आणि रोपांची मर होते. 50 ते 55 दिवसांचं रोप 15 × 10 सेंमीवर लावायचं. विरळ लावलं की कांदा मोठा होतो, पण जोडकांदे निघतात आणि मान (पात कांद्याला मिळते तो भाग) जाड राहते. बी रब्बीच्याच जातीचं घ्या, एन-2-4-1 किंवा भीमा शक्ती. स्वस्त मिळालं म्हणून खरिपाच्या पोळ कांद्याचं बी उन्हाळात टाकलं तर डेंगळे (फुलांचे दांडे) निघतात, आणि तो माल चाळीत, म्हणजे कांदा साठवायच्या हवेशीर कोठारात, टिकत नाही.

सगळ्यात महाग पडणारी चूक युरियाची. लागवडीला 60 दिवस झाले की नत्र बंद. शेजारच्या वावरातली पात हिरवीगार दिसते म्हणून 75व्या दिवशी एक गोणी फेकली, की कांद्याची मान मिटत नाही आणि सड तिथूनच आत शिरते.

काढणीच्या टोळ्या

निम्म्या माना पडल्या की काढणी धरायची. त्याआधी 15 दिवस पाणी तोडायचं, भारी काळ्या जमिनीत थोडं आणखी आधी. उपटलेला कांदा वावरात 3 ते 4 दिवस असा पसरायचा की पुढच्या ओळीची पात मागच्या ओळीच्या कांद्यावर येईल. उघडा पडलेला कांदा एप्रिलच्या उन्हात भाजतो. भाजलेला भाग आधी पांढरट दिसतो, मग मऊ पडतो.

पात कापताना मान अंगठ्याच्या पेराएवढी ठेवायची, म्हणजे साधारण अडीच सेंमी. टोळी उक्ती असते, एकरावर ठरते, त्यामुळे हात भरभर चालतो आणि मान मुळाशी कापली जाते. यात बायांचा दोष नाही, ठरावच तसा केलेला असतो. मान ठेवून कापायचं आधी बोला आणि त्याचे जादा पैसे त्याच वेळी ठरवा. कापल्यावर सावलीत पातळ ढीग करून 10 ते 12 दिवस सुकवा.

चाळीत भरण्याआधी पाच-सहा कांदे घेऊन मान अंगठ्याने दाबून बघा. कागदासारखी चुरचुरली तर भरा. आत काही सरकल्यासारखं, गिळगिळीत लागलं तर अजून थांबा. वावरात पसरलेला असताना ज्यावर अवकाळी पाऊस पडला तो कांदा सुकलेला दिसला तरी चाळीत टाकू नका. सरळ बाजारात न्या.

चाळ बांधणी

25 टनांची दोन पाखी (कांदा भरायच्या दोन समांतर रांगांची) चाळ म्हणजे लांबी 40 फूट, प्रत्येक पाखी 4 फूट रुंद, मध्ये 5 फूट मोकळी जागा आणि कांद्याचा थर 5 फूट उंच. 40 × 4 × 5 × 2 म्हणजे 1,600 घनफूट, साधारण 45 घनमीटर. घनमीटरात साडेपाच ते सहा क्विंटल कांदा मावतो, त्यावरून 25 टन येतात. हे गणित स्वतः मांडून बघा, कारण मिस्त्रीला "त्याच जागेत 35 टन बसवा" असं सांगणारे पुष्कळ भेटतात. मग पाखी 6 फुटांची होते नाहीतर थर 7 फुटांचा. कांदा काढणीनंतरही श्वास घेतो, त्याची ऊब आणि ओल बाहेर पडावी लागते. 4 फुटांच्या पाखीत दोन्ही बाजूंची हवा मध्यापर्यंत पोचते. 6 फुटांत मधला पट्टा गरम राहतो, आणि सड नेहमी त्या पट्ट्यातच सुरू होते. थर उंच झाला तर तळातला कांदा दाबाने चेपतो.

एक पाखी चाळ दक्षिणोत्तर, दोन पाखी पूर्व-पश्चिम उभारायची. तळ जमिनीपासून दीड ते दोन फूट उंच हवा आणि त्याला बांबूच्या नाहीतर लाकडाच्या पट्ट्या हव्यात, म्हणजे खालून हवा खेळते. याच मोकळ्या जागेत लोक ठिबकच्या नळ्या, सरपण, रिकाम्या गोण्या कोंबतात. चाळ बरोबर बांधली आणि खालची वाट बुजवली, तर खर्च वाया गेला. छपराला कौल किंवा सिमेंटचा पत्रा चांगला. लोखंडी पत्रा मे महिन्यात आतली हवा तापवतो. छप्पर दोन्ही बाजूंना किमान तीन फूट पुढे काढा, नाहीतर जुलैच्या तिरप्या पावसात बाहेरची फूटभर रांग भिजते. जागा उंचावरची, पाणी न साचणारी हवी. घराला चिकटून सोयीची म्हणून आडोशाला बांधलेली चाळ वाऱ्याला मुकते.

चाळीतली देखरेख

वर बांधणीचं आलंच आहे, एक भर घालतो. भरतानाच निवड करा. जोड, डेंगळे, चिंगळी (अगदी बारीक कांदा), कुदळ लागलेला कांदा आत जाऊ देऊ नका. एक सडका कांदा पाणी सोडतो आणि खालचे पाच-सात खराब करतो. जूनपासून आठवड्याला एकदा तरी मधल्या वाटेने चालत जा. आंबूस वास आला किंवा तळाच्या पट्टीखाली ओला डाग दिसला की तो कप्पा उघडायचाच. सालीखाली काजळी (काळी बुरशी) धरली असेल तर तो माल लगेच काढा, कारण दमट हवेत ती पसरते आणि लिलावात भाव पाडते.

लासलगावात भाभा अणुसंशोधन केंद्राचं 'कृषक' हे विकिरण केंद्र 2002 पासून आहे. गॅमा किरणांची हलकी मात्रा दिली की कोंब फुटत नाहीत. सड आणि वजनातली घट मात्र त्याने थांबत नाही, म्हणून सुकवणीला तो पर्याय धरू नका.

आवारातला लिलाव

गाड्या रांगेत लागतात, बाजार समितीचा माणूस पुढे आणि व्यापारी मागे. एका ट्रॉलीपुढे मिनिटभरसुद्धा थांबत नाहीत. तेवढ्यात वरचा कांदा बाजूला सारून कोपरापर्यंत हात खाली घातला जातो, खालचे दोन कांदे वर येतात आणि पत्ती (वरची साल) चोळून बघितली जाते. डबल पत्तीचा, कोरडा, एकसारखा गोळा असेल तर बोली चढते. म्हणून गोल्टी (लहान कांदा) आणि मोठा माल एकाच ट्रॉलीत आणू नका. सरासरी भाव मिळत नाही, बोली गोल्टीकडे झुकते. ट्रॉलीत मधे फळी टाकण्यापेक्षा गोल्टी साठवून वेगळी खेप करा.

भाव पसंत नसेल तर सौदा नाकारायचा हक्क शेतकऱ्याचा आहे, पण सौद्याची चिठ्ठी फाडली जाण्याआधी मोठ्याने सांगावं लागतं. चिठ्ठी झाल्यावर व्यापाऱ्याच्या खळ्यावर माल ओतताना पोटात वेगळा कांदा निघाला की वांधा पडतो आणि भाव तोडायची बोलणी सुरू होतात. तिथे एकट्याने मान हलवू नका. समितीच्या माणसाला बोलावूनच निकाल घ्या. खालचा माल खरोखर हलका असेल तर तो चाळीतच वेगळा काढायला हवा होता, हेही तितकंच खरं.

काटा आणि पट्टी

भुईकाट्यावर चढण्याआधी आकडा शून्य आहे का बघा. भरलेलं आणि रिकामं, दोन्ही वजनं एकाच काट्यावर आणि त्याच दिवशी करा. भरलेल्या वजनाला जेवढी माणसं गाडीवर होती तेवढीच रिकाम्यालाही हवीत. ताडपत्री, जॅक, चाऱ्याची पेंढी दोन्ही वेळा गाडीतच राहू द्या. बरेच भुईकाटे 5 किंवा 10 किलोच्या टप्प्याने वाचतात. दर फेरीला तेवढा फरक सुटतो, म्हणून अर्धी भरलेली ट्रॉली नेणं परवडत नाही.

पट्टीवर, म्हणजे विक्रीच्या हिशोबाच्या कागदावर, हमाली आणि तोलाई कापलेली असू शकते. आडत (आडत्याचं कमिशन) मात्र जुलै 2016 पासून खरेदीदाराने द्यायची आहे. शेतकऱ्याच्या पट्टीत ती कोणत्याही नावाने दिसली तर तिथेच हरकत घ्या. पैसे रोख किंवा थेट खात्यात घ्यायचे. पुढच्या तारखेचा चेक पुढे केला तर त्याच दिवशी समितीत लेखी तक्रार द्या.

मूळ पट्ट्या जपून ठेवा. 1 फेब्रुवारी ते 31 मार्च 2023 मधल्या लेट खरीप लाल कांद्याच्या विक्रीवर सरकारने क्विंटलला 350 रुपये, जास्तीत जास्त 200 क्विंटलपर्यंत, अनुदान दिलं. त्यासाठी पट्टी आणि सातबाऱ्यावर कांद्याची नोंद दोन्ही लागली. ही नोंद ई-पीक पाहणीतून होते, ती वेळेत करा. पट्टीवर नाव सातबाऱ्याप्रमाणेच सांगा, ट्रॅक्टरवाल्याचं किंवा घरातल्या दुसऱ्याचं नको.

ठेवावा की विकावा

समजा, 100 क्विंटल कांदा एप्रिलमध्ये 1,500 रुपयांनी जातोय, म्हणजे दीड लाख. सप्टेंबरपर्यंत घट, सड आणि कोंब मिळून 30 टक्के गेले तर उरले 70 क्विंटल. दीड लाखासाठी आता 2,143 रुपये भाव हवा, म्हणजे 43 टक्के चढलेला. कांदा निवडायची मजुरी आणि पाच महिन्यांचं व्याज त्यावर वेगळं. 20 टक्केच घट झाली तर 1,875 ला बरोबरी होते. बरोबरीचा भाव असा 268 रुपयांनी खाली येतो, आणि ही सगळी कमाई मान आणि पाखीच्या मापातून येते.

भाव आपल्या हातात नाही. ऑगस्ट 2023 मध्ये निर्यातीवर 40 टक्के शुल्क लागलं, डिसेंबरात निर्यातबंदीच आली. मे 2024 मध्ये बंदी उठली, पण शुल्क आणि किमान निर्यात मूल्य राहिलं. शुल्क पूर्ण गेलं ते 1 एप्रिल 2025 ला. अशा वेळी सगळी चाळ एका तारखेवर लावणं धोक्याचं. तिसरा हिस्सा काढणीलाच विकून सोसायटीचं पीककर्ज आणि कृषी सेवा केंद्राची उधारी फेडा. कर्ज मुदतीत भरलं तर 3 लाखांपर्यंत व्याज सवलत मिळते, थकलं तर ती जाते आणि चाळीतला कांदा व्याजावर बसतो. उरलेल्यापैकी नरम मानेचा माल जुलैअखेर काढा. सगळ्यात कडक माल वाटेजवळच्या कप्प्यात ठेवा, म्हणजे शेवटपर्यंत तो डोळ्यांसमोर राहतो आणि काढताना बाकीची चाळ हलवावी लागत नाही.