'वेदरिंग विथ यू'मधलं देवळाच्या छतावरचं चित्र कोणाचं?

मुळामुठा: 2019 च्या ऑक्टोबरात थेटरात पाहिलेला हा जपानी अ‍ॅनिमेशन सिनेमा काल घरी पुन्हा लावला. म्हातारे पुजारीबुवा छतावरचं जुनं चित्र दाखवतात ना, तिथेच अडकले. बाकी सिनेमापेक्षा ते वेगळ्याच हाताचं वाटतं. की मलाच भास होतोय?

खडूफळा: भास नाही, हात वेगळाच आहे. ते निझो यामामोतोंचं. आभाळाचंच चित्र हवं असताना त्यांना बोलावणं म्हणजे अगदी योग्य घरी गेल्यासारखं. त्यांच्या ढगांना जपानात 'निझो-गुमो', म्हणजे निझोचे ढग, असं नावच पडलंय. 'द गर्ल हू लेप्ट थ्रू टाइम' (2006) बघा. त्यातलं उन्हाळी आभाळ त्यांच्या कला दिग्दर्शनातलं.

जन्म 1953 चा, नागासाकीकडच्या गोतो बेटांवरचा. 1978 च्या 'फ्यूचर बॉय कोनान' मालिकेचे कला दिग्दर्शक झाले तेव्हा जेमतेम पंचविशीत. मग 'लापुता', 'ग्रेव्ह ऑफ द फायरफ्लाइज' हे सिनेमे. 'प्रिन्सेस मोनोनोके'ला तर पाच कला दिग्दर्शक होते, त्यांतले हे एक.

झब्बू: कला दिग्दर्शक म्हणजे सेट उभारणारे ना? कार्टूनमध्ये कसला आलाय सेट?

खडूफळा: तिथे सेट कागदावरच उभा राहतो, झब्बूशेठ. घर केवढं, ऊन कुठल्या खिडकीतून येणार, संध्याकाळ तांबूस की राखाडी, हे सगळं हाच माणूस ठरवतो. नमुन्याची चित्रं काढून देतो, मग पार्श्वभूमी रंगवणारे त्या बरहुकूम रंगवतात. पात्रं त्यावर नंतर येतात. यामामोतो रात्रशाळेत वास्तुकला शिकले होते, ते त्यांच्या भिंती-छपरांत दिसतं.

मुळामुठा: स्वतः दिग्दर्शित केलेलं काही?

खडूफळा: 'मियोरी नो मोरी', 2007, टीव्हीसाठी. शहरातली मुलगी आजी-आजोबांच्या गावी येते आणि तिथलं जंगल धरणाखाली जाणार असतं. खरं सांगू? गोष्ट मला रेंगाळलेली वाटली. जंगलासाठी मात्र दोनदा पाहिला.

पुढे त्यांनी गोतोची शंभर दृश्यं रंगवली. तिथल्या एका जुन्या सामुराई वाड्यात 2018 पासून त्यांचं संग्रहालय आहे. ऑगस्ट 2023 मध्ये वारले, सत्तर वर्षांचे होते.

मी शाळेत चित्रकला शिकवतो. आठवीच्या पोरांकडून पोस्टर कलरने तसे ढग काढून घ्यायला गेलो. कागद आधी ओला करायचा आणि तो ओला आहे तोवर निळा लावून घ्यायचा, म्हणजे ढगाची कड विरघळते. एप्रिल महिना, वर पंखा फुल. ब्रश बुडवेपर्यंत कागद कोरडा! चाळीस पोरांचे चाळीस फ्लॉवरचे गड्डे झाले.

झब्बू: फोटो टाका की सर.

मुळामुठा: जूनमध्ये करून बघा सर, कागद वाळणारच नाही. मी आज 'मियोरी' शोधते.