सल्ला हवा: उजनीत बुडालेल्या गावावर नृत्यपट करायचाय

काठावरची
भीमेवरचं उजनी धरण १९८० मध्ये पूर्ण झालं, आमचं गाव त्यात गेलं. नव्या घराला उंबरा नाही, तरी आजी दारातून जाताना जुन्या उंबऱ्याएवढा पाय उचलते. त्या पावलावरून पाच मिनिटांचा नृत्यपट करायचाय. भरतनाट्यम शिकलेय, नाचेन मीच. बजेट १५ हजार. कॅमेरा भाड्याने घेऊ की फोनला गिंबल (हादरे न बसू देणारा दांडा)? पाणी उतरलं की पळसदेवचं जुनं देऊळ उघडं पडतं, तिथे करू का?

लेन्सवेडा
फोन नको. मी फुलफ्रेम (मोठ्या सेन्सरचा) कॅमेरा घेतला, लेन्ससकट दोन लाख गेले, पण संध्याकाळच्या उजेडातही चित्र स्वच्छ येतं. थोडं बजेट वाढवाच.

भिगवणकर
पळसदेवच घ्या, तसं दृश्य दुसरीकडे नाही. फक्त गाळ जपून. वरून वाळून भेगाळलेला दिसतो, आत गुडघाभर चिखल. आमचा ट्रायपॉड तिथेच रुतला. होडीवाल्यांना विचारूनच पाय टाका.

ढोलताशा
भरतनाट्यम कशाला? सोलापूरकडचं धनगरांचं गजी नृत्य घ्या, ढोलावर.

काळीआई
@ढोलताशा, धरणात सगळ्याच जातींची घरं गेली. गजी तेवढं सगळ्यांचं कसं? तिला जे येतं ते तिने नाचावं.

कात्रीवाला
प्रयोगशील चित्रपट करणाऱ्या माया डेरेनचा १९४५ चा नृत्यपट बघा, जेमतेम तीन मिनिटांचा आहे. त्यातला नर्तक टॅली बीटी रानात पाय उचलतो आणि तो टेकतो थेट घरात. कट पाय हवेत असतानाच. तुमच्या आजींचं पाऊल तेच आहे. दोन्ही जागी कॅमेऱ्याची उंची, अंतर आणि पायाची दिशा सारखी ठेवा, एक्सपोजर (चित्राचा उजळपणा) लॉक करा. फोनवर आरामात होतं.

शिवसागर
आम्ही कोयनेचे. आमची माणसं रायगड, ठाणे, सोलापूर अशी पांगली, त्यावर कुणी दोन मिनिटांचंही काही केलं नाही. तुमचं देऊळ निदान वर तरी येतं. तिथेच करा.

लेन्सवेडा
पळसदेवला +१. ड्रोनही घ्या, वरून घेतल्याशिवाय पाण्याचा विस्तार कळत नाही. आणि कॅमेऱ्याचं मनावर घ्या.

काठावरची
सगळ्यांचे मनापासून आभार. पळसदेव नको असं ठरवलंय. पाणी दाखवलं की बघणारा पाण्यातच अडकतो, मला न दिसणारा उंबरा दाखवायचाय. नव्या घराच्या दारातच करतेय, फोनवर. पाय आजी उचलेल, टेकवेन मी. कट @कात्रीवाला म्हणतात तसाच. ढोलही नाही, फक्त फरशीवरचा पायाचा आवाज. त्यासाठी माईक जमिनीलगत ठेवायचा की कमरेला लावायचा?