आदेश होऊनही थकबाकी मिळत नाही : अवमान याचिका की दरखास्त?

नवी पेठ, सोलापूर
निवृत्त कर्मचाऱ्याला वेतनफरक 12 आठवड्यांत द्यावा, असा उच्च न्यायालयाचा आदेश आहे. 14 आठवडे उलटले. कार्यालयाचं उत्तर एकच : अनुदान नाही. अवमान याचिका कोल्हापुरात दाखल होईल का? महाधिवक्त्यांची (राज्य सरकारच्या मुख्य वकिलांची) संमती लागते का?

अक्कलकोट रोड
आधी आदेशाचा शेवटचा परिच्छेद शब्दशः वाचा. ‘रक्कम द्यावी’ आणि ‘निवेदनावर निर्णय घ्यावा’ यांत जमीन-अस्मानाचं अंतर आहे. दुसऱ्या प्रकारात अर्ज फेटाळला तरी आदेश पाळलाच गेला. तिथे अवमान नाही, उच्च न्यायालयात नवी रिट याचिका करावी लागते. बहुतेक जण इथेच फसतात.

12 आठवडे ‘प्रत मिळाल्यापासून’ असतील, तर प्रत पोचवल्याशिवाय मुदत मोजताच येत नाही. आवक विभागात प्रत देऊन आपल्या प्रतीवर शिक्का, आवक क्रमांक आणि तारीख घ्या. पोच नसेल तर ‘आदेश माहीतच नव्हता’ हे उत्तर येणार हे धरून चाला.

सोलापूर जिल्हा 18 ऑगस्ट 2025 पासून उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचकडे आहे. आदेश मुंबईतला असेल तर दाखल करण्याआधी निबंधक कार्यालयात विचारून घ्या. महाधिवक्त्यांची संमती फौजदारी अवमानाला लागते, दिवाणी अवमानाला नाही; आदेश न पाळणं हा दिवाणी अवमान.

अवमान कायद्याचं कलम 20 विसरू नका : आदेशातली मुदत संपल्यापासून एका वर्षात याचिका दाखल व्हायला हवी. स्मरणपत्रं पाठवत राहिल्यानं वर्ष वाढत नाही. ‘मार्चनंतर बघू’ म्हणणाऱ्यांच्या भरवशावर बसून पुष्कळांचे हक्क बुडाले आहेत.

होटगी रोड
अनुदानाबद्दल. अवमानासाठी हेतुपुरस्सर आज्ञाभंग दाखवावा लागतो. मागणीचा प्रस्ताव वेळेत वर पाठवला आणि मंजुरी दुसऱ्याच्या हाती आहे, असं अधिकाऱ्यानं कागदानिशी दाखवलं तर त्याच्यावर ठपका ठेवणं अवघड जातं. प्रस्ताव टेबलावरच पडून असेल तर बचाव लंगडा पडतो. म्हणून माहिती अधिकारात प्रस्तावाची जावक तारीख आणि टिपणीची नक्कल आजच मागा. उत्तराला 30 दिवस लागतात. मंजुरी देणारा अधिकारी मूळ याचिकेत पक्षकार असेल तर त्यालाही प्रत पोचवा.

याचिकेत अधिकाऱ्याचं नाव आणि पद दोन्ही लिहा. बदली झाली असेल तर कोणाच्या कार्यकाळात मुदत संपली ते तपासा. आधी वकिलामार्फत 15 दिवसांची नोटीस द्या. नोटिशीनंतर पैसे निघाल्याची प्रकरणं कमी नाहीत. अपील केलंय एवढं कार्यालयानं सांगून चालत नाही, आदेशाला स्थगिती हवी.

विजापूर रोड
हुकूमनामा दिवाणी न्यायालयाचा असेल तर मार्ग दरखास्तीचा, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीसाठी अर्ज करण्याचा. मुदत 12 वर्षं. राज्य सरकारविरुद्ध असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 82 प्रमाणे आधी तीन महिने थांबावं लागतं.

अवमानाची शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा 2,000 रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. पहिल्याच तारखेला साहेबांना उभं करतील ही आशा मात्र सोडा. अधिकाऱ्यांना सरसकट हजर राहायला सांगू नये, असं सर्वोच्च न्यायालयानं जानेवारी 2024 मध्ये बजावलं आहे.

नवी पेठ, सोलापूर
अर्धीच रक्कम जमा झाली तर?

होटगी रोड
घ्या, पण ‘उर्वरित रकमेचा हक्क राखून’ असं लेखी कळवा आणि महिनावार हिशेबाचा तक्ता जोडा. आदेशात व्याज लिहिलेलं नसेल तर ते अवमान याचिकेत मिळणार नाही.