आईचा जबडा आपोआप वाकडा होतो, जीभ घास बाहेर ढकलते, कुणाला अनुभव आहे का?

कृष्णाकाठ

नमस्कार मंडळी, बरेच दिवस नुसती वाचक आहे, आज पहिल्यांदाच धागा काढतेय, चुकलं तर सांभाळून घ्या. आईबद्दल विचारायचंय. वय ६३, राहते कराडला, मी पुण्यात. सात-आठ महिन्यांपूर्वी बोलताना मधेच तिचं तोंड उघडंच राहायला लागलं, म्हणजे जांभई अर्ध्यात अडकल्यासारखं, आणि खालचा जबडा डावीकडे सरकतो. आता जेवताना जास्त होतंय, भाकरीचा घास तोंडात घातला की जीभच तो बाहेर ढकलते, ती बोटाने आत सारते, की परत बाहेर. चारचौघांत जेवायलाच बसत नाही, परवा भाचीच्या डोहाळजेवणाला गेली आणि उपास आहे म्हणून नुसतं ताक पिऊन आली.

आधी डेंटिस्टकडे नेलं, त्यांनी दाढा खराब आहेत म्हणून दोन काढल्या, फरक शून्य. मग कान-नाक-घसावाले, तिथे सगळं नॉर्मल. फॅमिली डॉक्टर म्हणाले बाबा गेल्यापासून एकट्या असतात ना, टेन्शन आहे. शेजारच्या काकूंचं म्हणणं तोंडावरून वारं गेलंय, मीठमोहऱ्यांनी दृष्टसुद्धा काढून झाली.

पण गंमत बघा, झोपेत काहीच होत नाही, मी एका रात्री मुद्दाम जागून बघितलं, चेहरा एकदम शांत. भजनात हरिपाठ म्हणताना जवळजवळ नसतंच. आणि दाताखाली एक लवंग धरली की पाच-दहा मिनिटं अगदी स्वच्छ बोलते! भाऊ म्हणतो बघ, सगळे मनाचे खेळ आहेत, लवंगेने थांबणारा आजार असतो का कुठे. मला पटत नाही पण त्याला उत्तरही देता येत नाही. कुणाकडे न्यावं?

चूळभरा

ताई, मी दातांचाच डॉक्टर आहे, त्यामुळे दाढांचं वाचून वाईट वाटलं. भावाला सांगा, लवंगेने थांबतं म्हणूनच हे मनाचे खेळ वाटत नाहीत. ओरोमँडिब्युलर डिस्टोनिया नावाचा प्रकार असतो, जबडा, जीभ, ओठ यांचे स्नायू मनाविरुद्ध आखडतात. दात, हाड, सांधा सगळं जागेवर असतं, घोळ मेंदूकडून येणाऱ्या हुकमात असतो, तोंड उघडणारे आणि मिटणारे स्नायू एकाच वेळी ओढायला लागतात, मग जबडा जिकडे जोर जास्त तिकडे जातो. आणि यात अशा युक्त्या चालतात, कुणी हनुवटीला बोट लावतं, कुणी च्युइंग गम, कुणी टूथपिक, कुणाला गुणगुणलं की बरं वाटतं. तुमच्या आईंनी लवंग शोधून काढली. झोपेत थांबणंही त्यातच बसतं.

आमच्याकडे जबड्याची तक्रार आली की आधी गुटखा आठवतो, पण त्यात तोंड उघडतच नाही, आतली त्वचा चामड्यासारखी होते, दोन बोटं आत जात नाहीत. धनुर्वाताची दातखीळ म्हणाल तर ती काही दिवसांत माणसाला आडवं करते, आठ महिने भजनाला जाऊ देत नाही. तेव्हा न्यूरोलॉजिस्ट. त्यातही हालचालींचे आजार बघणारा मिळाला तर उत्तम. तोवर आणखी दात काढू देऊ नका प्लीज, दात कमी झाले किंवा कवळी ढिली असली की तोंडाचे चाळे उलट वाढतात.

दोन गोष्टी सांगा. डोळे सारखे मिटतात का? आणि गेल्या दोन-तीन वर्षांत गॅस, उलटी, चक्कर, झोप, मानसिक आजार यातल्या कशाच्याही गोळ्या चालू होत्या का? आठवणीवर जाऊ नका, पाकिटं बघा.

रिकामटेकडा

कॅल्शियम कमी असेल हो. आमच्या आत्याचे हात असेच वाकडे व्हायचे. रोज दूध आणि नाचणी सुरू करा, एवढं मोठं नाव घेऊन म्हाताऱ्या बाईला घाबरवू नका.

चूळभरा

कॅल्शियम कमी झालं तर पेटके येतात हे खरंय, बोटं बधीर होतात, हात आखडतात. तपासणी स्वस्त आहे, करून टाका. पण आठ महिने फक्त जबडाच डावीकडे, तोही बोलताना-जेवताना, हे नाचणीने सुटेल असं वाटत नाही. नाचणी चांगलीच, ती चालू ठेवा :)

खिडकीनंबरतीन

ताई, मी कोल्हापूरचा, सहकारी बँकेत कॅशियर होतो आणि मला स्वतःला हे आहे, सहा वर्षं झाली. माझं उलटं, जबडा गच्च मिटायचा. काउंटरवर माणसाला "शंभरच्या देऊ की पाचशेच्या" एवढं विचारायला तोंड उघडायचं नाही, दात एकमेकांवर असे बसायचे की एक पुढचा दात चिरला. लोकांना वाटायचं साहेब रागात आहेत. मी पेनचं टोपण दातात धरून नोकरी काढली, त्यामुळे आईंची लवंग वाचली आणि डोळ्यात पाणी आलं.

मला बोटॉक्स देतात, आखडलेला स्नायू सैल करणारं इंजेक्शन. हो तेच, हिरॉइनवालं. गालाच्या आणि कानशिलाच्या स्नायूत सुई घालतात, सुईला तार असते आणि ती एका मशीनला जोडलेली, स्नायू आखडला की मशीन जुन्या रेडिओसारखं खरखरतं, त्या आवाजावरून डॉक्टर जागा धरतात. दुखतं पण सोसवतं. गुण लगेच येत नाही हां, मला आठव्या दिवशी जाणवला, आणि साधारण तीन महिन्यांनी उतरतो, मग परत. पहिल्या वेळी डोस जास्त झाला असावा, दोन आठवडे पापडसुद्धा चावता येत नव्हता, मऊ भात आणि आमटी. डॉक्टरांनी पुढच्या वेळी कमी केला. आईंचं तोंड उघडं राहतं आणि जीभही आहे म्हणजे जागा वेगळ्या, तिथे गिळायला त्रास व्हायचा धोका जास्त असतो असं मला सांगितलं होतं, म्हणून ज्याचा हात रुळलेला आहे त्याच्याकडेच जा. खर्चाचं बोलायचं तर औषधाची बाटली महाग पडते. परवडत नसेल तर मुंबईत केईएम, सायन, नायरला न्यूरोलॉजीची ओपीडी आहे, पहाटे जाऊन नंबर लावायची तयारी ठेवा.

एक टिप, मोबाइलवर व्हिडिओ काढून न्या. बोलताना, जेवताना, भजन म्हणताना आणि लवंग धरून असे वेगवेगळे. डॉक्टरांसमोर बसलं की हा आजार हमखास शहाण्यासारखा वागतो.

चित्रकथी

थोडं अवांतर. डोळे मिटणं आणि जबडा असं दोन्ही एकत्र असलं तर त्याला मेज सिंड्रोम म्हणतात, आंरी मेज या फ्रेंच डॉक्टरने १९१० मध्ये लिहिलं होतं. पण त्यानंतरही कित्येक वर्षं असे पेशंट मनोविकाराच्या खात्यातच टाकले जायचे. १९७६ मध्ये मार्सडेन या इंग्लिश न्यूरोलॉजिस्टने हा शरीराचाच आजार आहे असं ठासून मांडलं आणि ब्रॉयगल या जुन्या चित्रकाराच्या एका चित्रातला आ वासलेला माणूस बघून आजाराला त्याचंच नाव दिलं. तुमच्या भावासारखं बोलणारे तेव्हाही होतेच.

कृष्णाकाठ

सगळ्यांचे खूप खूप आभार, काल रात्री आईला फोनवर हे वाचून दाखवलं तर म्हणाली त्या कॅशियरना विचार कुठलं पेन होतं.

चूळभरा, डोळे मिटत नाहीत. पण गोळ्यांचं तुम्ही विचारलंत आणि मी आज कराडला येऊन डबाच उपडा केला. बीपीची आहे, ती जुनी. आणि एक ॲसिडिटीची कॅप्सूल, रोज सकाळी उपाशीपोटी, जवळजवळ दोन वर्षं! एका डॉक्टरांनी पंधरा दिवसांसाठी दिली होती, बरं वाटलं म्हणून आई मेडिकलमधून रिकामी स्ट्रिप दाखवून आणत राहिली. मागे बारीक अक्षरात राबेप्राझोल आणि लेव्होसल्पिराइड ७५ मिग्रॅ असं आहे. हे काही आहे का?

गोळीबारवाला

आहे ना. मी केमिस्ट आहे, वीस वर्षं काउंटरवर उभा आहे. राबेप्राझोल ॲसिडचं, त्याची इथे भीती नाही. दुसरं जे आहे ते पोटातलं अन्न पुढे सरकवायला देतात पण ते मेंदूतल्या डोपामिनलाही, म्हणजे हालचाली ताब्यात ठेवणाऱ्या रसायनालाही, अडवतं, आणि महिनोन् महिने घेतलं, त्यातही वय झालेल्या बायकांनी, तर ओठ, जीभ, जबडा आपोआप हलायला लागू शकतो, कुणाला कंपवातासारखं होतं. उलटीचं मेटोक्लोप्रमाइड, चक्करेचं प्रोक्लोरपेराझिन, मानसिक आजारातलं हॅलोपेरिडॉल, ही सगळी त्याच वाटेची. तरण्या पोरांत तर एका इंजेक्शनने होतं, आमच्या समोरच्या दवाखान्यात कॉलेजची मुलगी, उलटीचं इंजेक्शन घेऊन घरी गेली आणि संध्याकाळी मान मागे, जीभ बाहेर, घरचे म्हणाले भूत लागलं. प्रोमेथाझिनचं इंजेक्शन दिलं, अर्ध्या तासात चहा पीत बसली. ते तेवढ्यात सुटतं. दोन वर्षांचं असं पटकन सुटत नाही, औषध बंद करूनही महिने जातात, कधी आधी थोडं वाढतं, कधी पूर्ण जात नाही. म्हणून आज घाबरून स्वतःच काही करू नका, स्ट्रिप घेऊन डॉक्टरांकडे जा आणि त्यांच्या सांगण्याने थांबवा. मात्र उशीर नको, याच आठवड्यात जा.

आणि रिकामी स्ट्रिप दाखवली की आम्ही देतो, ते आमचंही चुकतं. लिहून टाकतो एकदाचं.

कृष्णाकाठ

महिन्याभराने अपडेट देतेय. पुण्यात न्यूरोलॉजिस्टना दाखवलं, त्यांनी चारही व्हिडिओ दोन-दोनदा बघितले, लवंगवाला बघून जुनिअर डॉक्टरांना बोलावलं. गोळीमुळेच असावं म्हणाले, तरी वयामुळे एमआरआय आणि थोड्या रक्ताच्या तपासण्या केल्या, कॅल्शियमसकट, सगळं ठीक. ती कॅप्सूल बंद, ॲसिडिटीला साधी गोळी. आपोआप होणाऱ्या हालचाली कमी करणारं टेट्राबेनाझिन अगदी कमी डोसवर सुरू केलंय, त्याने सुस्ती येते आणि मन उदास होऊ शकतं म्हणून लक्ष ठेवायला सांगितलंय, त्यामुळे आई सध्या माझ्याकडेच. तीन महिन्यांत हवा तितका फरक नाही पडला तर बोटॉक्सचं बघू म्हणाले.

जबडा अजून सरकतो. पण घास बाहेर येणं कमी झालंय, काल पोहे खाल्ले, सावकाश का होईना पण टेबलावर आमच्याबरोबर बसून. भाऊ आला होता, त्याने येताना लवंगांची मोठी पुडी आणली, बोलला काहीच नाही. खिडकीनंबरतीन, पेनचं सांगायचं राहिलंय तुमचं, आई रोज विचारते.