महिना कुठे संपतो, तेही ठरवा

बारा महिने, प्रत्येकी ३० दिवस आणि आकाशात एकच चंद्र ही तुमच्या कल्पित राज्याची रचना आवडली. पण चंद्र आपल्यासारखाच साडेएकोणतीस दिवसांचा असेल, तर अडीच वर्षांत पौर्णिमेच्या तारखेला अमावास्या येईल. महिना चंद्रालाच बांधा.

आणि तो कुठे संपतो हेही ठरवा. इथे इंदूरला आमच्या मराठी घरात महिना अमावास्येला संपतो, शेजारच्या हिंदीभाषक घरात पौर्णिमेला. शेजारच्या काकू पहिल्या श्रावणी सोमवारचा प्रसाद आणून देतात तेव्हा आमच्याकडे अजून आषाढच असतो. शुद्ध पक्षाचं नाव दोघांकडे एकच, वद्य पक्षाचं वेगळं. म्हणून गोकुळाष्टमी तीच, पण आमची श्रावणातली, त्यांची भाद्रपदातली.

आता तुमच्या नदीकाठच्या दोन नगरांत महिना असाच वेगवेगळा संपतो असं धरा आणि त्यांच्या तहात नुसतं 'अमुक महिन्याची वद्य पंचमी' असं लिहा. दोन्ही सैन्यं महिन्याच्या अंतराने पोचतील आणि दोघंही वचनाला जागलेले असतील! मला तर यातच अख्खी कथा दिसते.

महिना चंद्राला बांधला की वर्ष ऋतूंपेक्षा तोकडं पडतं; ते भरून काढणारा अधिक महिना कोण जाहीर करतं, राजा की ज्योतिषी? शेतसारा दरमहा गोळा होत असेल, तर तेराव्या महिन्याचा कोणी द्यायचा, यावर नक्की लिहा.