एनएफएलचा क्वार्टरबॅक शाळेचा हेड कोच होतो तेव्हा: जॉन किट्ना आणि इतर

निळी_जर्सी

मंडळी, डिसेंबर २०२५ मध्ये फिलिप रिव्हर्स हा एनएफएलचा (अमेरिकन फुटबॉलची व्यावसायिक लीग) जुना क्वार्टरबॅक, म्हणजे पास फेकणारा खेळाडू, ४४व्या वर्षी अलाबामातल्या शाळेचं कोचिंग करता करता थेट एनएफएलच्या कोल्ट्स टीमच्या जर्सीत उतरला. तेव्हापासून हे प्रश्न डोक्यात आहेत. ट्रेंट डिल्फर, जेसन विटन, टेडी ब्रिजवॉटर, जॉन किट्ना ही सगळी एनएफएलची माणसं हायस्कूलच्या टीमकडे वळली. त्यांना नोकरी मिळते कशी? शिक्षकाचं सर्टिफिकेट लागतं का? आणि एनएफएलचा अनुभव पंधरा-सोळा वर्षांच्या पोरांना शिकवताना कामी येतो की आडवा येतो? टेक्सासच्या सरकारी शाळांबद्दल खास सांगा, पोरगं पुढच्या वर्षी नववीत जातंय.

चौथा_डाउन

नोकरीचा भाग समजून घ्यायचा तर किट्नाच घ्या. १९९६ मध्ये सेंट्रल वॉशिंग्टनसारख्या छोट्या कॉलेजातून आला, ड्राफ्टमध्ये (एनएफएल टीम कॉलेजचे खेळाडू निवडतात तिथे) कुणी घेतला नाही. १९९७ मध्ये बार्सिलोना ड्रॅगन्सकडून वर्ल्ड बोल (युरोपातल्या लीगचा अंतिम सामना) जिंकला आणि त्या सामन्याचा एमव्हीपी, म्हणजे सर्वोत्तम खेळाडूही ठरला. मग एनएफएलमध्ये सीहॉक्स, बेंगल्स, लायन्स, काउबॉइज. लायन्सकडून २००६ आणि २००७, दोन्ही वर्षी ४,००० यार्डांच्या वर पासिंग. २०११ च्या मोसमानंतर थांबला आणि वॉशिंग्टन राज्यातल्या टकोमाच्या लिंकन हायस्कूलला, म्हणजे स्वतःच्याच शाळेत, हेड कोच झाला. नुसता कोच नाही, दिवसा तिथेच गणित शिकवायचा.

अमेरिकेतल्या बऱ्याच सरकारी शाळांत कोचिंगचं मानधन हंगामाला काही हजार डॉलर असतं, त्यावर घर चालत नाही. वर्गातली नोकरी हाच खरा पगार. २०१३ च्या डिसेंबरात काउबॉइजचा क्वार्टरबॅक टोनी रोमोची पाठ गेली तेव्हा त्यांनी ४१ वर्षांच्या किट्नाला एका आठवड्यासाठी बोलावलं. एकही प्ले न खेळता सुमारे ५३,००० डॉलर मिळाले आणि ते त्याने लिंकनला देऊन टाकले. दोन्हीकडच्या पैशातलं अंतर यावरून कळेल.

टेक्सासचा मामला वेगळा. सरकारी शाळांचे सामने चालवते ती यूआयएल, आणि तिचा नियम असा की फुटबॉलचा कोच हा शालेय जिल्ह्याचा पूर्णवेळ कर्मचारी हवा. दीर्घ सेवा करून निवृत्त झालेल्या शिक्षकांसारखे मोजके अपवाद आहेत. 'संध्याकाळी येऊन क्वार्टरबॅकला जरा दाखवतो' हे चालत नाही, मग तो सुपर बोल जिंकलेला का असेना. विटन २०२१ मध्ये आर्गाइलच्या लिबर्टी ख्रिश्चनला गेला, ती खासगी शाळा. ती टॅप्समध्ये, म्हणजे खासगी शाळांच्या संघटनेत खेळते, तिथे यूआयएलचा नियम लागत नाही. २०२३ आणि २०२४ ची राज्य अजिंक्यपदं त्याने तिथेच मिळवली. किट्ना मात्र २०१५ मध्ये वॉक्साहाचीला गेला तो सरकारी शाळेत. मोठ्या सरकारी शाळांत हेड कोचचा पगार लाखाच्या वर जातो, पण त्यात शाळेचा अख्खा खेळ विभाग गळ्यात पडतो: बस, बजेट, सातवी-आठवीच्या टीमसुद्धा.

हॅशमार्क

वरचं बरोबर आहे. दुसऱ्या प्रश्नावर सविस्तर लिहितो, कारण टीव्हीवर एनएफएल बघणाऱ्याला हे सहसा लक्षात येत नाही: मैदान तेच असतं, पण हॅश वेगळ्या असतात, म्हणजे मैदानावरच्या खुणांच्या त्या दोन ओळी ज्यांच्या आत प्रत्येक प्ले सुरू होतो.

मैदानाची रुंदी सगळीकडे १६० फूट. एनएफएलमध्ये दोन हॅशमधलं अंतर १८ फूट ६ इंच, म्हणजे चेंडू नेहमी जवळपास मधोमध. कॉलेजात ४० फूट. हायस्कूलच्या राष्ट्रीय नियमांत, म्हणजे एनएफएचएसमध्ये, ५३ फूट ४ इंच, मैदानाचे सरळ तीन समान भाग. टेक्सासच्या सरकारी शाळा मात्र कॉलेजचे म्हणजे एनसीएएचे नियम वापरतात.

आता हिशेब करा. चेंडू डाव्या हॅशवर आहे आणि उजवीकडच्या रिसीव्हरला (पास झेलणाऱ्याला) १२ यार्डांवर आउट, म्हणजे साइडलाइनकडे वळताना पास, द्यायचाय. हॅशपासून लांबच्या साइडलाइनपर्यंत एनएफएलमध्ये साधारण ३० यार्ड, कॉलेजात ३३, एनएफएचएसमध्ये साडेपस्तीस. क्वार्टरबॅक पाच-सहा यार्ड मागे धरला तर तिरका थ्रो एनएफएलमध्ये ३३ यार्डांच्या आसपास, हायस्कूलला ३७-३८. ते वरचे पाच यार्ड आणि सोळा वर्षांच्या पोराचा हात, दोन्ही एकत्र आले की चेंडू हवेत तरंगतो. कॉर्नर (रिसीव्हरला अडवणारा बचावपटू) आरामात समोर येऊन उचलतो आणि पुढे कुणीच नसतं. पिक सिक्स, म्हणजे पास पळवून थेट टचडाउन. एनएफएलमधून नवा आलेला कोच हा प्ले पहिल्या वर्षी हमखास ठेवतो, कारण त्याच्या अंगवळणी पडलेला असतो.

इलाज ठरलेले आहेत:

– आउट आणि कमबॅक (पुढे धावून मागे वळणाऱ्याला पास) फक्त जवळच्या बाजूला. तिथे जेमतेम १८ यार्ड असतात, थ्रो छोटा.
– लांबच्या बाजूला बबल स्क्रीन (बाजूला झटपट छोटा पास) किंवा जेट स्वीप (आडव्या धावत येणाऱ्याच्या हातात चेंडू). चेंडू लवकर हातातून सुटतो आणि मोकळी जागा धावणाऱ्याला मिळते.
– खोल पास हवाच असेल तर क्वार्टरबॅकलाच त्या बाजूला रोल करवायचं (धावत न्यायचं) आणि एकाच बाजूला तीन वेगवेगळ्या अंतरांवर तीन रिसीव्हर ठेवायचे. थ्रो आठ-दहा यार्डांनी कमी होतो आणि पोराला अर्धंच मैदान वाचावं लागतं.

दुसरी अडचण आरपीओची, म्हणजे रन की पास हे क्वार्टरबॅक ऐनवेळी ठरवतो त्या प्लेची. रनचा ब्लॉक करायला निघालेला लाइनमन पास सुटेपर्यंत रेषेपुढे किती जाऊ शकतो? एनएफएल १ यार्ड, एनएफएचएस २, एनसीएए ३. किट्नाने वॉशिंग्टन सोडून टेक्सास गाठलं तेव्हा याच एका नियमाने एक यार्ड फुकट मिळाला. हायस्कूलच्या क्वार्टरबॅकला निर्णय घ्यायला वेळ लागतो, त्याच्यासाठी तो एक यार्ड खूप आहे. उलट दिशेने नोकरी बदलणाऱ्याच्या टीमला पहिल्या दोन-तीन सामन्यांत फ्लॅगा (दंड) पडतात, आणि प्रेक्षक पंचांना शिव्या घालतात.

तिसरी गोष्ट प्रोटेक्शन, म्हणजे क्वार्टरबॅकला वाचवणं. एनएफएलचा सेंटर (चेंडू मागे स्नॅप करणारा) समोरचा डिफेन्स बघून माइक, म्हणजे मधला लाइनबॅकर कोण ते ठरवतो, सगळी लाइन त्यानुसार सरकते. शाळेच्या सेंटरला आधी स्नॅप सरळ द्यायला शिकवायचा असतो. म्हणून पूर्ण लाइन एकाच बाजूला सरकवायची, उरलेल्या बाजूच्या शेवटच्या माणसाला रनिंग बॅक घेणार, संपलं. माझ्या मते पहिल्या वर्षी चार-पाच रन, आठ-दहा पास आणि दोन स्क्रीन याच्या वर प्लेबुक नेऊ नये. मोठं प्लेबुक कोचच्या अहंकारासाठी असतं.

चौथा_डाउन

आउटबद्दल सहमत. फक्त एवढंच की टेक्सासला हॅश कॉलेजच्या असल्याने तिथला चांगला क्वार्टरबॅक तो थ्रो कधीमधी मारतो. वॉशिंग्टन किंवा अलाबामात नको.

डिल्फरचं राहिलं. नॅशव्हिलच्या लिप्सकोम अकॅडमीत २०१९ ते २०२२, शेवटची दोन्ही वर्षं राज्य अजिंक्यपद. त्या बळावर यूएबीने (बर्मिंगहॅमचं अलाबामा विद्यापीठ) कॉलेजचा हेड कोच केला आणि तिथे ९ विजय, २१ पराभव होऊन ऑक्टोबर २०२५ मध्ये गच्छंती. शाळेतलं यश वर नेता येतंच असं नाही.

निळी_जर्सी

हॅशचं गणित भारी. पण ब्रिजवॉटरने तर पहिल्याच वर्षी मायामी नॉर्थवेस्टर्नला अजिंक्य केलं ना? मग शाळेने निलंबित का केला?

साइडलाइन_पास

केलं. २०२४ च्या हंगामात ३ए गटाचं विजेतेपद, अंतिम सामन्यात जॅक्सनव्हिलच्या रेन्सवर ४१-०. त्यानंतर काही दिवसांत तो लायन्समध्ये बॅकअप म्हणून परतही गेला. घोळ मैदानावरचा नव्हताच. पोरांना घरी सोडायला उबर, सामन्याआधीचं जेवण, शरीराच्या रिकव्हरीची सोय, हे तो स्वतःच्या खिशातून करत होता. पुढच्या हंगामासाठी मदत मागताना त्याने फेसबुकवर खर्चच मांडला, त्यात नुसतं उबरचं दर आठवड्याचं बिल ७०० डॉलर. फ्लोरिडाच्या नियमात खेळाडूला असा फायदा देणं म्हणजे त्याला शाळेकडे ओढण्याचं आमिष धरतात, कोचचा हेतू काहीही असो. जुलै २०२५ मध्ये निलंबन, ऑगस्टमध्ये तो टॅम्पा बेकडून खेळायला मोकळा. नंतर फ्लोरिडाच्या विधिमंडळात त्याच्याच नावाने ओळखलं जाणारं विधेयक मांडलं गेलं: कोचने स्वतःचे १५,००० डॉलरपर्यंत खर्च करावेत, मात्र त्याची नोंद द्यावी.

व्यवहारात करायचं एवढंच: पैसा थेट पोराच्या हातात किंवा त्याच्या प्रवासावर नाही, बूस्टर क्लबच्या (टीमसाठी पैसे उभारणाऱ्या पालक-समर्थकांच्या गटाच्या) खात्यात. क्लबने ते शाळेच्या मंजुरीने पूर्ण टीमसाठी खर्चायचे. श्रीमंत कोच इथेच फसतो, कारण चेक फाडणं सोपं आणि मंजुरीला तीन आठवडे लागतात.

हॅशमार्क

@निळी_जर्सी, टेक्सासमध्ये पोरगं नववीत जाणार म्हणता तर दोन नियम आत्ताच माहीत करून घ्या. एक, आठ तासांचा: शाळेच्या आठवड्यात शाळेच्या वेळेबाहेरचा सराव सोमवार ते शुक्रवार मिळून जास्तीत जास्त ८ तास. म्हणून तिथल्या शाळा दिवसातला एक तास खेळासाठीच ठेवतात आणि व्हिडिओ बघणं बरंचसं त्यात उरकतात. एनएफएलमधून आलेल्या माणसाला पहिला धक्का हाच बसतो, कारण तिथे सबंध दिवस हेच काम असतं.

दुसरा, 'नो पास, नो प्ले'. १९८४ पासूनचा राज्याचा कायदा आहे. ग्रेडिंग संपताना एका विषयात ७० च्या खाली गेला की तीन आठवडे सामना बंद. सराव करू शकतो, खेळू शकत नाही. तीन आठवडे म्हणजे तीन शुक्रवार, दहा सामन्यांच्या हंगामातले. त्यामुळे पालकसभेत कोचला प्लेबुकबद्दल विचारू नका. गुण कोण तपासतं, दर किती दिवसांनी, आणि बीजगणितात मागे पडलेल्याला शिकवणीचा तास सरावाआधी आहे की नंतर, ते विचारा. सरावाआधी असेल तर पोरं जातात.