गोष्टीतलं प्रेम तुम्हाला कुठे अडलं?

खून जमतो, भांडण जमतं. दोघं प्रेमात पडली की माझी पात्रं निमंत्रणपत्रिकेसारखी बोलायला लागतात. तुमचं कुठे फसलं आणि कसं सुटलं ते लिहा. नियम नकोत.

सुरुवात माझी. आठ पानांत दोघं अकरा वेळा एकमेकांच्या डोळ्यांत बघत होती. मैत्रिणीने अकराही ठिकाणी लाल गोल केले. ते काढले तर उरलं काय? काहीच नाही. मग दोघांना काम दिलं: वारलेल्या सरांची पुस्तकं आवरायची. तो विषयानुसार लावतो, ती उंचीनुसार. त्यावरून अशी जुंपली की पुढची चार पानं मला ढकलावी लागली नाहीत.

*

माझ्या कथेत चाळीस पानं दोघं ‘अहो-जाहो’ करतात. एकदा ती घाईत ‘जेवलास का?’ म्हणते आणि लगेच ‘जेवलात का?’ करते. तो नुसतं ‘हो’ म्हणतो. पुढे तीन पानांची कबुली होती. वाचून भाऊ म्हणाला, ‘हे तर मघाशीच कळलं की!’ तीन पानं गेली. जीव तुटला, खोटं कशाला बोलू.

*

‘आम्ही’ आणि ‘मी’कडे लक्ष ठेवा. पाहुण्यांसमोर नवरा म्हणतो, ‘आम्ही उद्या निघतोय.’ बायको म्हणते, ‘मी परवा निघणार आहे.’ माझ्या कथेतला घटस्फोट एवढाच.

*

मला वाटायचं, संवाद माझा हातखंडा. ‘तो म्हणाला, ती म्हणाली’ न लिहिताही कोण बोलतंय ते कळायचं. मग दोन बायकांची प्रेमकथा लिहायला घेतली. दोघीही ‘येते’, ‘जाते’, ‘थांबले होते’. कोण कुठली, मलाच कळेना! म्हणून एकीला वाक्यं अर्धवट सोडायची सवय दिली. दुसरी प्रश्नाला प्रश्नानेच उत्तर देते. मग जुन्या कथा काढून बघितल्या. त्यांतले तो आणि ती अगदी एकसारखे बोलत होते, फक्त क्रियापदाच्या रूपामुळे ते झाकलं गेलं होतं. दोन कथा पुन्हा लिहिल्या, तिसरी फेकली.

*

नवऱ्याने कथा वाचून विचारलं, ‘हा चष्मेवाला कोण?’ चष्मा सोडला तर सगळा तोच होता.

*

तीस वर्षं संसार झालेल्या जोडप्याचं कुणी लिहिलंय का? माझी दोघं दुसऱ्या पानावर गप्प झालीत. ती रुसलीत की निवांत आहेत, तेही मला सांगत नाहीत.